नाना पळशीकर : निनांवी भूमिकांचा नट

मराठी रसिक नटांच्या बाबतींत कृतघ्न आहे, असें कोणालाहि म्हणतां येणार नाहीं. गणपतराव जोशी यांचा हॅम्लेट आज हयात असलेल्या कोणींहि पाहिलेला नाहीं. तरी त्याच्याविषयीं आपण असें बोलतों कीं, जणूं काल रात्रींच थिएटरांतून परतलों आहों. बालगंधर्वांच्या शालूवर आणि शेल्यावर आपल्याकडे जितकी शाई खर्ची पडली आहे, तितकी कित्येक संस्थानांच्या इतिहासावरहि पडली नसेल. 'संत तुकाराम' (१९३६) मधील विष्णुपंत पागनीस आणि 'कुंकू' (१९३७) मधील केशवराव दाते हे तर घरोघरच्या आठवणींचे धनी आहेत. परंतु ही कृतज्ञता एका ठराविक उंचीवर येऊन थांबते. ज्याचें नांव जाहिरातींत मोठ्या टायपांत छापलें गेलें, ज्याच्या प्रवेशाला टाळी पडली, ज्याच्यासाठीं कथानक रचलें गेलें, तो आपल्या स्मरणांत राहतो; आणि ज्यानें त्या कथानकाच्या पायाखालीं जमीन घातली तो विसरला जातो. नाट्य आणि चित्रपट या विषयांवरील आपली टीका बहुतांशीं नायकांचें चरित्रगायन झाली आहे. कलेचें परीक्षण ती क्वचितच होते. प्रस्तुत लेखांत ज्या नटाविषयीं मी लिहूं इच्छितों तो या उणिवेचें ठळक उदाहरण आहे. त्याचें नांव नाना पळशीकर.

हें नांव वाचून बहुतेक वाचकांच्या डोळ्यांसमोर कांहींच उभें राहणार नाहीं, याची मला कल्पना आहे. परंतु चेहरा दाखविला तर जुने हिंदी चित्रपट पाहिलेला कोणताहि प्रौढ प्रेक्षक 'अरे, हा होय!' असेंच उद्गारेल. बसलेलीं गालफडें, खोल गेलेले डोळे, कृश देह, आणि बोलण्यापूर्वीं क्षणभर घुटमळणारा आवाज. हा चेहरा 'दो बिघा जमीन' (१९५३) मध्यें नायकाचा म्हातारा बाप होता. 'देवदास' (१९५५) मध्यें गात हिंडणारा वैष्णव होता. 'कानून' (१९६०) मध्यें भुरटा चोर होता. 'शहर और सपना' (१९६३) मध्यें मुंबईच्या बेघर वस्तींतला एक फाटका माणूस होता. 'आक्रोश' (१९८०) मध्यें एका आदिवासी कैद्याचा बाप होता. आणि रिचर्ड ॲटनबरो यांच्या 'गांधी' (१९८२) मध्यें चंपारण्याचा एक ग्रामस्थ होता. ही यादी वाचतांना एक गोष्ट ध्यानांत येते. बाप, गायक, चोर, ग्रामस्थ! हीं माणसांचीं नांवें नव्हत. हे समाजानें पाडलेले वर्ग आहेत. क्वचित् एखाद्या पात्राला लेखकानें नांव दिलें असलें, तरी तें प्रेक्षकाच्या लक्षांत राहावें अशी अपेक्षा नसते. अशा निनांवी माणसांना जवळजवळ तीस वर्षें देह पुरविण्याचें काम या एका नटानें केलें.

आणि त्याची कदर अजिबात झाली नाहीं असेंहि नाहीं. दुय्यम भूमिकेसाठीं दिलें जाणारें फिल्मफेअरचें पारितोषिक त्याला दोनदां मिळालें : १९६२ सालीं 'कानून'साठीं आणि १९६५ सालीं 'शहर और सपना'साठीं. त्याच्या आधीं तें मोतीलालसारख्या नामांकित नटाकडे 'परख'साठीं गेलें होतें. पुढें 'वक्त'साठीं राजकुमारकडे गेलें. त्या दोघांचीं नांवें आजहि सर्वतोमुखीं आहेत. मधल्या माणसाचें नाहीं. म्हणजे पारितोषिकें मिळूनहि विस्मृति टळत नाहीं. तेव्हां या विस्मृतीचें कारण गुणांची उणीव हें नसून, आपण गुण कोठें शोधतों हें आहे.

दुय्यम भूमिका म्हणजे काय, याचा थोडा विचार येथें केला पाहिजे. लहान भूमिका म्हणजे मोठ्या भूमिकेची छोटी प्रत, अशी एक ढोबळ समजूत आहे. ती सर्वस्वीं चुकीची आहे. नायकाच्या भूमिकेला वाढ असते. पहिल्या अंकांतील अज्ञानापासून शेवटच्या अंकांतील ज्ञानापर्यंत त्याला प्रवास करावयाचा असतो, आणि नट एके ठिकाणीं चुकला तर दुसऱ्या ठिकाणीं भरून काढूं शकतो. दुय्यम नटाला ही सवड नाहीं. त्याचें पात्र आपलें सारें पूर्वायुष्य बरोबर घेऊनच रंगभूमीवर पाऊल टाकतें; तें आयुष्य सांगावयाला कोणी त्याला वेळ देत नाहीं. शेक्सपिअरच्या 'किंग लिअर'मध्यें ग्लॉस्टरचे डोळे काढले जात असतांना एक सेवक मधें पडतो. त्याला नांव नाहीं. त्याच्या वांट्याला चारदोन वाक्यें आहेत. आणि तो तेथेंच मारला जातो. परंतु तो सेवक नीट वठला नाहीं तर त्या नाटकांतली माणुसकीची एकमेव ठिणगी त्या प्रसंगीं विझते. दुय्यम नटाच्या अंगावर येणारी जबाबदारी ही अशी असते.

मी राहतों त्या कर्जतच्या वाचकांना ही गोष्ट एका घरगुती दृष्टान्तानें सांगतां येईल. मुंबईहून पुण्याकडे जाणाऱ्या बहुतेक गाड्या कर्जतला थांबतात. बोरघाटाचा चढ एका इंजिनाला झेपण्याजोगा नाहीं; सदतीस फुटांत एक फूट असा तो चढ आहे. म्हणून कर्जतला गाडीच्या मागच्या बाजूस आणखी इंजिनें जोडतात. तीं मागून रेटतात, गाडी घाट चढून वर जाते, आणि वर गेल्यावर तीं मुकाट्यानें सोडून घेतात. डब्यांतल्या उतारूला कर्जत आठवतें तें गरम बटाटेवड्यामुळें. गाडी तेथें कां थांबली, हा प्रश्न फारसा कोणाला पडत नाहीं. पुढच्या इंजिनाचें कौतुक करूं नये असें माझें म्हणणें नाहीं. पण घाट कोणाच्या बळावर चढला हें ज्याला ठाऊक नाहीं, त्यानें प्रवासवर्णन लिहूं नये, इतकेंच माझें म्हणणें आहे.

आतां प्रत्यक्ष कामगिरीकडे वळूं. 'दो बिघा जमीन' हा बिमल रॉय यांचा चित्रपट १९५४ सालीं कान येथील महोत्सवांत गौरविला गेला. शंभु महातो या शेतकऱ्याची दोन बिघे जमीन जमीनदाराला गिरणीसाठीं हवी आहे. शंभूच्या हिशेबानें कर्ज ६५ रुपयांचें आहे. कचेरींतल्या कागदांवर तें २३५ रुपयांचें ठरतें. तीन महिन्यांची मुदत मिळते, शंभु कलकत्त्याला जाऊन रिक्षा ओढूं लागतो, आणि अखेर जमीन जाते ती जातेच. बलराज साहनींनीं शंभूची भूमिका केली. त्यासाठीं जोगेश्वरीच्या तबेल्यांतील उत्तरेकडच्या भय्या लोकांत त्यांनीं आपलें ऊठबस ठेविलें होतें, हें त्यांनीं स्वतःच लिहिलें आहे. या साधनेचें मोल मोठें आहे, आणि त्या भूमिकेची कीर्ति सर्वथा योग्य आहे. परंतु त्या चित्रपटांत शंभूचा बाप गंगू याच्या रूपानें पळशीकर जें करतो, त्याची जात वेगळी आहे. साहनींचा शंभु आपल्याशीं बोलतो. त्याचें दुःख आपल्याला समजावें अशी त्याची धडपड असते. गंगूला आपण समजून घ्यावें याची गरजच वाटत नाहीं. त्याच्या लेखीं आपण त्याच्या जगांत नाहींच. तो शेताकडे पाहतो तें मालमत्तेकडे पाहिल्यासारखें नव्हे, तर आपल्याच हातापायांकडे पाहिल्यासारखें.

हें ध्यानांत घेतलें म्हणजे चित्रपटाच्या शेवटीं गंगूला वेड लागतें त्याचा अर्थ उलगडतो. वेडाची भूमिका म्हणजे आपल्या नटांना मेजवानीच. केस विस्कटावे, डोळे फिरवावे, मोठ्यानें हंसावें, आणि टाळी घ्यावी, हा आमच्या रंगभूमीचा जुना परिपाठ आहे. पळशीकरांच्या वेडांत हा थाटमाट नाहीं. ज्या माणसाच्या अंगाचा एक भाग तोडून नेला आहे, तो उरलेल्या अंगानें भेलकांडत आहे, असें तें वेड आहे. शंभूला चित्रपटाच्या अखेरीस मूठभर माती उचलण्याचीहि परवानगी मिळत नाहीं. तो प्रसंग सर्वांना आठवतो. पण त्या मुठीचें वजन प्रेक्षकाच्या हातीं आधींच म्हाताऱ्यानें दिलेलें असतें. जमीन गेल्यावर माणसाचें काय होतें हें आपण त्या भटकणाऱ्या देहांत पाहिलेलें असतें. म्हणूनच ती मूठ नुसती मातीची राहत नाहीं.

'कानून' हा बी. आर. चोप्रा यांचा चित्रपट याहून अगदीं निराळ्या घाटाचा आहे. त्यांत एकहि गाणें नाहीं. त्या काळाचा विचार करतां हें धाडसच म्हटलें पाहिजे. देहान्त शिक्षा न्याय्य आहे कीं नाहीं, हा त्याचा विषय. धनीराम नांवाच्या सावकाराचा खून होतो. चोरीसाठीं त्याच्या घरांत शिरलेला कालिया हा भुरटा चोर पकडला जातो. आणि जें त्यानें केलेलें नाहीं त्यासाठीं तो फांसाच्या छायेंत उभा राहतो. अशोककुमार, राजेंद्रकुमार, नंदा हीं नामांकित मंडळी चित्रपटांत आहेत, आणि खुनाचें रहस्य त्यांच्याभोंवतींच फिरतें. परंतु देहान्त शिक्षेविषयींचा वाद ज्या देहावर चालला आहे, तो देह पळशीकरांचा आहे.

येथें आपल्या परंपरेशीं एक तुलना केल्यावांचून राहवत नाहीं. खोट्या आरोपानें वधस्तंभाकडे नेला जाणारा निरपराधी आपल्या वाङ्मयाला नवा नाहीं. 'मृच्छकटिका'ंतील चारुदत्त हा त्याचा नमुना. देवलांच्या कृपेनें तो मराठी प्रेक्षकाच्या परिचयाचाहि झाला आहे. परंतु चारुदत्ताविषयीं करुणा वाटणें हें सोपें आहे. तो कुलीन आहे, उदार आहे, दान करतां करतां दरिद्री झालेला आहे. त्याच्यावरचा आळ आणि त्याचें शील यांत इतकें अंतर आहे कीं, प्रेक्षकाला निवड करावीच लागत नाहीं. त्याच नाटकांत शर्विलक नांवाचा चोरहि आहे. पण तो चोरीची कला करणारा रसिक चोर, भिंतीला भोंक कोणत्या आकाराचें पाडावें याचा विचार करणारा. आपण त्याला हंसून क्षमा करतों. कालिया या दोघांपैकीं कोणीच नाहीं. तो खरोखर चोर आहे. त्याच्या चोरींत कला नाहीं, गंमत नाहीं, आणि त्याच्या शीलाचें प्रमाणपत्र द्यावयाला कोणी वसंतसेना येत नाहीं. अशा माणसाचा जीव वांचावा असें प्रेक्षकाला वाटावयास लावणें, तेंहि तो सज्जन आहे म्हणून नव्हे, तर तो माणूस आहे आणि हा गुन्हा त्यानें केलेला नाहीं एवढ्यासाठीं, हें काम चारुदत्ताच्या भूमिकेहून अवघड आहे.

पळशीकर हें कसें साधतो? माझ्या मतें, तो अपराधी आणि निरपराधी या दोन्ही भावना एकाच वेळीं अंगावर वागवितो, म्हणून. कालियाला आपण पकडलों गेलों याचें आश्चर्य वाटत नाहीं. आयुष्यभर पकडलें जाण्याची त्याला सवय आहे. चोर म्हणून कोणी हटकलें तर मान खालीं घालावयाची, हें त्याच्या हाडींमाशीं खिळलें आहे. त्यामुळें 'मीं खून केला नाहीं' हें वाक्य उच्चारतांनाहि त्याच्या आवाजांत जन्माची ओशाळगत असते. खरें बोलतांना जो माणूस खोटें बोलत असल्यासारखा दिसतो, त्याची शोकान्तिका न्यायालयांत पुरती होते. कारण न्यायालयाला शब्द ऐकूं येतात आणि चेहरा दिसतो, परंतु त्या दोहोंमधली भीति दिसत नाहीं. देहान्त शिक्षेविरुद्ध चित्रपटांतील वकील जीं भाषणें करतात, त्यांत युक्तिवाद आहे. कालियाच्या घुटमळणाऱ्या जिभेंत पुरावा आहे. भरतानें सांगितलेल्या आठ सात्त्विक भावांत स्तंभ, स्वेद, स्वरभंग आणि वेपथु यांची गणना आहे. हे भाव नटाला ठरवून आणतां येत नाहींत, मन एकाग्र झालें तरच ते देहावर उमटतात, असें शास्त्र सांगतें. आमच्याकडे या सूत्राचा दाखला द्यावयाचा तर लोक थोर गायक-नटांकडे बोट दाखवितात. मी कालियाकडे दाखवीन.

आतां प्रतिपक्षाचें म्हणणें ऐकलें पाहिजे. कारण तें अगदींच पोकळ नाहीं. कोणी म्हणेल, या नटानें आयुष्यभर एकच भूमिका केली. दारिद्र्य, म्हातारपण, असहायता यांचा एक ठसा तयार झाला, आणि ज्या निर्मात्याला करुणरस हवा असेल त्यानें तो ठसा विकत घ्यावा, असा हा व्यवहार होता. शाईच्या शिक्क्याला कोणी चित्रकला म्हणत नाहीं. या आक्षेपाचा पूर्वार्ध मला मान्य आहे. हिंदी चित्रपटांनीं या चेहऱ्याचा शिक्क्यासारखा उपयोग केला, यांत संशय नाहीं. प्रेक्षकाच्या डोळ्यांतून दोन आसवें काढावयाचीं आहेत आणि पटकथेंत त्याची कांहीं तजवीज नाहीं, अशा वेळीं एक कृश म्हातारा आणून उभा करावा, त्याला खोकावयास लावावें, ही या धंद्याची जुनी खोड आहे. तशा प्रसंगीं पळशीकरांच्या हातून जें झालें तें हिशेबांत धरण्याचें कारण नाहीं.

परंतु उत्तरार्ध मान्य होण्याजोगा नाहीं. 'देवदास'मधील तो वैष्णव पाहावा. तेथें आवाज मन्ना डे यांचा आहे, गीता दत्त यांची साथ आहे. नटाजवळ आहे तें फक्त चालणें आणि पाहणें. तोहि दरिद्रीच, पण त्याच्या दारिद्र्याला ओझें नाहीं. एका लहान मुलीच्या विरहापुढें तो जें गातो त्यांत तिच्या पुढल्या साऱ्या आयुष्याची चाहूल आहे, आणि त्याला स्वतःला तिची जाणीव नाहीं. जेम्स आयव्हरी यांच्या 'द गुरु' (१९६९) या इंग्रजी चित्रपटांत उत्पल दत्त हे वादनाचे उस्ताद झाले आहेत, आणि त्या उस्तादांचाहि गुरु म्हणून पळशीकर येतो. तोच कृश देह, तेच खोल डोळे. परंतु येथें त्या कृशतेचा अर्थ उपासमार नसून उपासना आहे. एकाच देहाला दोन परस्परविरुद्ध अर्थ देतां येणें याला शिक्का म्हणत नाहींत. यालाच अभिनय म्हणतात. दोष असेल तर तो घेणाऱ्यांच्या कल्पनेचा आहे. ज्यांनीं त्याच्याकडून नुसतें दारिद्र्य मागितलें, त्यांना तेवढेंच मिळालें.

ख्वाजा अहमद अब्बास यांनीं मात्र अधिक मागितलें. 'शहर और सपना'मध्यें मुंबईंत घर न मिळाल्यामुळें एक जोडपें रस्त्याकडेच्या मोठ्या नळांत संसार थांटतें. या चित्रपटाला राष्ट्रपतींचें सुवर्णपदक मिळालें. अब्बासांच्या चित्रपटांत उपदेश पुष्कळ असतो. पात्रें कित्येकदां अग्रलेखासारखीं बोलतात. अशा चित्रपटांत दुय्यम नटाचें काम दुप्पट वाढतें. विचार लेखकाचा आणि वाक्य लेखकाचें. तें माणसाचें वाटावें अशी व्यवस्था नटानें करावयाची. पळशीकरांना येथें पारितोषिक मिळालें, तें मला वाटतें या कामगिरीचें. उपदेशाचे कोपरे त्याच्या तोंडांत आल्यावर झिजून गुळगुळीत होतात.

आणि मग 'आक्रोश'. गोविंद निहलानी यांचा हा पहिला चित्रपट. कथा-पटकथा विजय तेंडुलकरांची. लहान्या भिकू हा आदिवासी मजूर पत्नीच्या खुनाच्या आरोपाखालीं तुरुंगांत आहे, आणि तो एक शब्दहि बोलत नाहीं. त्याचा वकील भास्कर कुलकर्णी हा शिकलेला, सहृदय, मध्यमवर्गीय तरुण त्याला बोलतें करण्याची पराकाष्ठा करतो. ओम पुरी यांच्या मौनाविषयीं पुष्कळ लिहिलें गेलें आहे. परंतु त्या मौनाचा एक पूर्वज चित्रपटांत आहे, तिकडे कोणाचें लक्ष जात नाहीं. तो म्हणजे झोंपडींत बसून राहणारा लहान्याचा बाप. मुलाचें मौन हें दुःखानें फुटलेलें मौन आहे. तें केव्हां तरी किंकाळी होणार, हें आपल्याला जाणवत असतें. बापाचें मौन हें कित्येक पिढ्यांचें आहे. त्याला किंकाळीचीहि आशा नाहीं. वकील दारांत येतो, विचारतो, समजावतो. आणि म्हातारा त्याच्याकडे पाहतो तो शत्रु म्हणून नव्हे, मित्र म्हणूनहि नव्हे, तर पावसाळ्याकडे किंवा दुष्काळाकडे पाहावें तसा. चित्रपटाच्या अखेरीस या म्हाताऱ्याचा मृत्यु होतो, आणि त्याला अग्नि देण्यासाठीं बेड्यांसकट आणलेला लहान्या जें भयंकर कृत्य करतो, त्यानें सारा चित्रपट हादरून जातो. म्हणजे कथानकाचा शेवटचा खिळा पळशीकरांच्या मृतदेहावरच ठोकला गेला आहे.

हें सारें पाहतांना कर्जत-खालापूरच्या वाचकाला एक अस्वस्थता टाळतां येणार नाहीं. आपल्या दोन्ही तालुक्यांत डोंगराच्या कुशीला कातकऱ्यांच्या आणि ठाकरांच्या वाड्या आहेत. बाजाराच्या दिवशीं रानभाज्या, करवंदें, मोळ्या घेऊन तीं माणसें आपल्या दारावरून जातात. आपण भाव करतों, पैसे देतों, आणि कोणाकडून काय घेतलें हें दुसऱ्या दिवशीं सांगतां येत नाहीं. 'आक्रोश'मधल्या त्या म्हाताऱ्याची नजर आपल्याला ओळखीची वाटते. पण ती ज्या माणसाजवळ पाहिली त्याचें नांव मात्र आपल्याला ठाऊक नसतें. १९ जुलै २०२३ च्या रात्रीं खालापूर तालुक्यांतील इर्शाळवाडीवर डोंगर कोसळला. २७ मृतदेह हातीं आले, आणि ५७ माणसें बेपत्ताच राहिलीं. चार दिवस त्या ठाकरवाडीचे चेहरे वर्तमानपत्रांतून आणि पडद्यांवरून साऱ्या महाराष्ट्राला दिसत होते. आपण हळहळलों, आणि ती हळहळ खोटी नव्हती. परंतु त्यांतील एका तरी माणसाचें नांव आज आपल्या स्मरणांत आहे काय? चेहरा पाहून गहिंवरणें आणि माणूस ओळखणें यांत जें अंतर आहे, तेंच अंतर पळशीकरांच्या प्रेक्षकांत आणि त्यांच्या नांवांत आहे.

याच इर्शाळगडाच्या पायथ्याच्या टापूंत, चौक गांवाजवळ, कलादिग्दर्शक नितीन देसाई यांनीं २००५ सालीं चित्रपटनगरी उभारली. देसाई २०२३ सालीं निवर्तले. 'जोधा अकबर' (२००८) साठीं तेथें मोंगल वैभव उभें करण्यात आलें होतें, आणि लांबलांबून लोक तें पाहावयास येत. प्लॅस्टरचे ते राजवाडे म्हणजे कारागिरीचें मोठें काम आहे. त्याविषयीं मला आदरच आहे. परंतु चित्रपटाच्या स्मृतीचा न्याय कसा विचित्र आहे पाहा! नायक जेथें उभा होता ती भिंत पाहावयास आपण तिकीट काढतों. नायकाच्या मागें जो उभा होता तो कोण, हें विचारावयाचें आपल्याला सुचत नाहीं. पळशीकरांना राजवाडा लाभला नाहीं. झोंपडी, कोठडी, नळ, रस्त्याची कड, हीं त्यांच्या वांट्याला आलेलीं नेपथ्यें. आणि तीं अशीं कीं, काम संपल्यावर जपून ठेवावीं असें कोणाला वाटूं नये.

मराठी टीकेनें त्यांच्याकडे पाठ फिरविली याला आणखी एक कारण आहे. ज्या भूमिकांसाठीं त्यांना ओळखलें जातें त्या हिंदींत झाल्या. आपल्याकडे हिंदींत गेलेल्या मराठी नटाचा अभिमान आपण बाळगतों खरा. परंतु तो तेथें नायक झाला असेल तरच. आणि हिंदीच्या इतिहासकाराला प्रत्येक दुय्यम नटाच्या मायभाषेची पूसतपास करण्याचें प्रयोजन नसतें. अशा रीतीनें दोन्ही घरचा पाहुणा उपाशी राहिला. वास्तविक पाहतां 'कुंकू'मधील दात्यांच्या काकासाहेबांपासून पळशीकरांच्या कालियापर्यंत एक सरळ रेघ काढतां येते. दोघांनींहि आवाज चढविल्याखेरीज करुणेचा कळस गांठला. फरक इतकाच कीं, दात्यांच्या वृद्धाजवळ घर आहे, अधिकार आहे, आणि पश्चात्तापाची चैन परवडण्याइतकी प्रतिष्ठा आहे. पळशीकरांच्या वृद्धाजवळ यांपैकीं कांहींच नाहीं. त्यामुळें दात्यांचा वृद्ध आपल्याला आपल्या घरचा वाटतो, आणि पळशीकरांचा घराबाहेरचा. आपण आठवण ठेविली ती घरच्याची.

मग करावयाचें काय? पुतळे आणि पुण्यतिथ्या यांवर माझा विश्वास नाहीं. पुण्याचें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून जुने पट सांभाळीत आलें आहे. त्यांतील कित्येक आतां घरबसल्याहि पाहतां येतात. महाविद्यालयांतून चित्रपट हा अभ्यासाचा विषय झाला आहे. अशा काळांत आपल्या विद्यार्थ्यांना एक साधी संवय लावतां येईल. एखादा जुना चित्रपट पाहावयाचा तर एकदां नायकासाठीं पाहावा, आणि दुसऱ्यांदा नायकाकडे दुर्लक्ष करून पाहावा. चौकटीच्या कडेला कोण उभा आहे, तो ऐकतांना काय करतो, त्याला बोलावयाचें नसतें तेव्हां तो कोठें पाहतो, याची टिपणें करावीं. मग श्रेयनामावली शेवटपर्यंत वाचावी आणि चेहऱ्याला नांव जोडावें. टीकेचें पहिलें कर्तव्य गुणदोषविवेचन हें नसून ओळख पटविणें हें आहे; विवेचन त्यानंतर.

पळशीकरांच्या उत्तम भूमिकांनीं प्रेक्षकावर जो भार टाकला, तो आंसवांनीं फिटणारा नाहीं. गरिबाला पडद्यावर पाहून रडणें ही सुस्थित माणसाची एक सुखद संवय आहे. रडून झालें कीं आपण सहृदय आहों अशी खात्री पटते आणि झोंप चांगली लागते. गंगू, कालिया आणि लहान्याचा तो बाप आपल्याला हें सुख मिळूं देत नाहींत. ते आपल्याकडे कांहीं मागत नाहींत, म्हणून कांहीं देऊन त्यांच्यापासून सुटकाहि करून घेतां येत नाहीं. 'गांधी' चित्रपटांत पळशीकरांच्या भूमिकेपुढें 'ग्रामस्थ' एवढाच शब्द आहे. जगांत ज्यांच्या नांवापुढें याहून अधिक कांहीं लिहिलें जात नाहीं अशा माणसांचीच संख्या फार मोठी आहे. त्यांच्यापैकीं कांहींना तरी या नटानें पडद्यावर जागा मिळवून दिली, आणि ती देतांना स्वतःचें नांव मागें ठेविलें. तें उचलून पुढें आणणें हें आतां आपलें काम आहे.